तोंड नको

“सर, शूटिंगच्या वेळी लाईट गेली होती का?”

प्रश्न विचारताना हर्षालीचा आवाज जरासुद्धा कापला नाही. कॉलेजच्या हॉलच्या खिडक्यांना लावलेली निळी ताडपत्री अजून काढायची होती, पडद्यावर इंग्रजीतली नावं मुंग्यांसारखी वर चालली होती, आणि मागून सोनलचं बोट तिच्या बरगडीत रुतलेलं होतं. “विचार की गं, हाय का हिंमत? वडापाव लागला.” प्रश्न सोनल आणि ऋतिकनं मिळून काढलेला, हिंमत तेवढी हर्षालीची. अख्खा हॉल फुटला. पहिल्या रांगेतल्या मॅडमनी वळून डोळे मोठे केले, पण त्यांच्याही ओठाचं टोक हललंच. हर्षाली उभीच राहिली, ओढणी सावरत, हनुवटी वर करून. दहावीपर्यंत हजेरीला ‘हजर’ म्हणतानाही जिचा घसा सुकायचा ती हीच मुलगी, यावर आता तिचा स्वतःचाच विश्वास बसत नसे. गेल्या गणपतीत वक्तृत्वात तिला ढाल मिळाली आणि तेव्हापासून तिला तोंड फुटलं. असं फुटलं की सोनल म्हणायची, हिला आता बूच लावायला माणूस ठेवा. स्टेजवर तो पुण्याचा दिग्दर्शक माइक धरून हसत होता. मार्चच्या उन्हात गळ्यात मफलर. येताक्षणी ऋतिकनं त्याचं नाव मफलर ठेवलं होतं आणि खरं नाव काय होतं ते नंतर कुणाच्या लक्षातही राहिलं नाही. “किती सुंदर प्रश्न आहे,” मफलर म्हणाला. “लाईट गेली होती का? प्रकाश जातो म्हणजे नेमका कुठे जातो?” “वायरमनला इचारा,” ऋतिक मागून पुटपुटला. हर्षाली खाली बसली आणि टाळ्यांसारखं हसू तिच्यावरून वाहून गेलं. पण खाली बसल्यावर तिला कळलं की आपले तळहात ओले आहेत, आणि ते प्रश्नामुळे ओले झालेले नाहीत.

कारण प्रश्न विचारण्याआधी पाऊण तास तो पिच्चर होता. पिच्चर कसला! नाव ‘मी’ची मागची बाजू, आणि ते नाव पडद्यावर आलं तेव्हाच मुलांची निम्मी रांग बाकाखाली गेली होती. त्यात माणूस नव्हता. सगळं काळं-पांढरं. भिंतीवर बाटलीची सावली, मग बाटली काढून घेतल्यावर तिची सावली तशीच. एका हाताची सावली मोठी होत होत सगळा पडदा खाऊन टाकते आणि मग कुणीतरी घशात कापूस कोंबल्यासारखा आवाज काढतो, “मी... आहे... मी... नाही...” “मग घरी जा की,” ऋतिक. हर्षालीला असल्या माणसांचा मनापासून तिटकारा यायचा. ज्यांच्याकडे दाखवायला सगळं आहे, कॅमेरा आहे, गाडी आहे, पुणं आहे, ती माणसं जुन्नरला येऊन सावल्या दाखवतात. आणि आपल्या मॅडम वही मांडीवर घेऊन मान हलवतात, जणू नाही हलवली तर पगारवाढ थांबेल. तिच्या डोक्यात घरी गेल्यावर करायची नक्कल तयार होत होती, मफलरचा तो गोल गोल फिरणारा हात, “स्वत्व” म्हणताना मिटणारे डोळे. इतक्यात पडद्यावर बांध आला. बांधावर उतरतं ऊन, आणि त्या उन्हात एका बाईची सावली डोक्यावर गवताचा भारा घेऊन चालत आली. बाई नाही, फक्त सावली; कॅमेरा जमिनीकडेच तोंड करून बसलेला. सावली आली, गेली, परत आली. तिच्या गळ्याभोवती चहूबाजूंनी खिळे. हॉलमध्ये पहिल्यांदा कुजबूज न होता थेट हसू आलं, कारण तो काट्यांचा पट्टा काय आहे हे तिथल्या प्रत्येकाला माहीत होतं. उसात जाणाऱ्या बायका गळ्यात घालतात तो, बिबट्यानं मानेला धरू नये म्हणून. हर्षालीही हसायला तोंड उघडत होती आणि ते तसंच उघडं राहिलं. सावलीचा उजवा पाय किंचित बाहेर फेकला जात होता. मोकळा हात असा लांब हलत होता, जसा कोंबड्या हाकलताना हलवावा. ती चाल तिची होती. गॅदरिंगच्या व्हिडिओत तिनं ती बघितली होती, ऋतिकनं तिला त्यावरून ‘बदक’ म्हटलं होतं, आणि दिवाळीची अख्खी सुट्टी कपाटाच्या आरशापुढं पाय सरळ टाकायला शिकण्यात गेली होती. आणि इथं पडद्यावर, भिंतीएवढी मोठी, तीच चाल. क्षणभर, खरं सांगायचं तर, तिला आनंदच झाला. आपण पिच्चरमध्ये! आपल्याला नकळत कुणीतरी टिपलं! मग तिला आठवलं की तो पट्टा आपण कधीच घातलेला नाही. तो घालायला तिनं ठाम नकार दिला होता. आपली चाल, आपले खांदे, आणि मध्ये खिळ्यांचा, आपला नसलेला गळा. अंगावरून काहीतरी गार सरकलं, जसं झोपेत कुणी आपलं नाव घ्यावं आणि डोळे उघडल्यावर खोलीत कुणीच नसावं.

मग वारा आला असावा, कारण सावलीचा पदर उडाला. पदराच्या टोकाला गोंडे होते. ओळीनं बारीक गोंडे आणि एक, अगदी कडेचा, इतरांपेक्षा जाड. आठवीच्या सुट्टीत मोबाइलवर बघून हर्षालीनंच आईच्या मोरपंखी साडीच्या पदराला गोंडे बांधले होते, शेवटच्याला उरलेला सगळा दोरा गुंडाळला होता, आणि आई म्हणाली होती, “ह्यो एकटाच का सुजलाय?” आणि तिनं सांगितलं होतं, “फॅशन आहे.” आता तो सुजलेला गोंडा जुन्नरच्या हॉलमध्ये अडीचशे पोरांच्या डोळ्यांपुढं उडत होता. सोनल पुढं वाकली. तिच्या तोंडाला चिंचेचा वास येत होता. “हर्षे, ही तुझी मम्मी हाय का गं? चाल बघ की.” सोनल डिंगोऱ्याचीच, हर्षालीच्या गावची, तिनं आईला शंभरदा बघितलेलं. हर्षालीनं मागं न वळता सांगितलं, “छ्या! आमच्यात कुणी पट्टा घालत नाय.” किती सहज आलं ते. वक्तृत्वाच्या ढालीसाठी एवढी तयारी करावी लागली होती, आणि हे वाक्य मात्र पाठ असल्यासारखं ओठावर आलं. सोनल म्हणाली, “हां, मला वाटलं आपलं,” आणि लगेच तो लाईटचा प्रश्न निघाला, वडापाव निघाला, आणि हर्षाली पिच्चर संपायच्या आत उभी राहायला तयार झाली. कुणी आपल्याकडं बघू नये असं वाटलं की सगळ्यांना आपल्याकडं बघायला लावायचं, हे तिनं वर्षभरात शिकून घेतलं होतं.

मफलर अजून बोलत होता. “तुम्ही हसलात ते मला आवडलं,” तो म्हणाला. “मला माहितीये, तो पट्टा बिबट्यासाठी असतो. पण मी त्यातून बिबट्या काढून टाकला.” ठिकठिकाणी लावलेल्या पिंजऱ्यांना जे जमलं नाही ते मफलरनं एका वाक्यात केलं होतं, आणि ऋतिकनं मनापासून टाळी वाजवली. “बिबट्या काढला की काय उरतं? काट्यांचं तेजोवलय. आपलं असणं आपल्यालाच टोचतं.” मॅडमनी उठून विचारलं, कलाकार स्थानिक आहेत का? “हो, एक ताई होत्या. डिंगोऱ्याकडच्या. नाव आत्ता लक्षात नाही माझ्या.” त्यानं हात गोल फिरवला. “आणि खरं तर नाव असूच नये. चेहरा दाखवला की माणूस येतो, माणूस आला की त्याची गोष्ट येते, सुखदुःख येतं, सगळा गोंधळ येतो. मी त्यांना पहिल्याच दिवशी सांगितलं, मला तोंड नको.” उद्या दुपारी डिंगोऱ्याच्या समाजमंदिरातही फिल्म दाखवणार आहोत, तिथल्या लोकांची आहे ना शेवटी, असं तो म्हणाला, आणि ‘तिथल्या लोकांची’ म्हणताना त्यानं असा चेहरा केला, जसा आपण कुत्र्याला बिस्किट टाकताना करतो. सोनल हर्षालीकडं बघत होती. हर्षाली मोबाइलमध्ये बघत होती. मोबाइलची स्क्रीन बंद होती, तिच्यात काळ्या काचेत एक चेहरा दिसत होता, ओळखू न येणारा.

एसटीत खिडकीशी बसून तिनं पैजेचा वडापाव निम्मा खाऊन कागदात गुंडाळला. मिरची लागली असं तिनं सोनलला सांगितलं. मफलरचा राग यावा तेवढा येत होता, पण तो राग सारखा घसरून दुसरीकडंच जात होता, ओल्या फरशीवर पाय जावा तसा. फेब्रुवारीतली ती दुपार. रविवार होता, ती उशिरा न्हाऊन केस पुशीत ओट्यावर आली तर आई दारातल्या छोट्या आरशापुढं उभी. मोरपंखी साडी नेसलेली. ही साडी तिच्या माहेरची, आण्याच्या पठारावरून मामाच्या लग्नात आलेली, आणि त्यानंतर तिनं ती दोनदाच नेसलेली, एकदा ओझरला नवस फेडायला आणि एकदा कुणाच्या तरी वास्तुशांतीला. तोंडाला पावडर, कपाळाला लाल टिकली, मंगळसूत्राच्या वाट्या सरळ केलेल्या, आणि त्या सगळ्याच्या वर, गळ्याला, तो पट्टा. हातात खुरपं. हर्षालीला असं हसू फुटलं होतं. “आई, गवताला चाललीस का लग्नाला? पट्ट्याला मॅचिंग पर्स तरी घे!” आई लाजल्यासारखी हसली होती. “घेते की,” म्हणाली होती, आणि डोकं खाली घालून बांधाच्या दिशेनं गेली होती, उजवा पाय किंचित बाहेर टाकत. हर्षाली परत मोबाइलमध्ये शिरली. तेव्हा ती स्वतःचे व्हिडिओ काढत असे, नुसतं तोंड, तोंडावर फुलं उडणारी, नाक बारीक करणारी, गाल गोरे करणारी. ओट्यावर बसून एकाच गाण्याला पुन्हा पुन्हा मान झटकायची, आणि दर वेळी काढून झालं की आधी हनुवटी बघायची. संध्याकाळी साडी धुऊन दांडीवर वाळत होती आणि आई पुढचे दोन दिवस रिकामी झाली की तिच्यातली कुसळं एकेक करून वेचत बसायची. हर्षालीनं विचारलंसुद्धा नाही. बायकांचं काहीतरी हळदीकुंकू असेल, असं तिनं ठरवून टाकलं होतं. आईबद्दल ती सगळं असंच ठरवून टाकायची. आईला ‘व्हाट्सॅप’ म्हणता येत नाही, आई एसटीत मोठ्यानं बोलते, आई पालकसभेला आली तर पायांत बाबांच्या चपला घालून येते. आईचं एवढंच माप तिनं घेऊन ठेवलं होतं, आणि त्या मापात मोरपंखी साडी नेसून सावली काढून घ्यायला जाणारी बाई बसत नव्हती.

फाट्यावर उतरून वस्तीपर्यंत दोन्ही बाजूंना ऊस. इथून मोबाइलवर मोठ्यानं गाणं लावून चालायचं, हा बाबांचा नियम; आवाज असला की जनावर अंगावर येत नाही म्हणे. गेल्या पावसाळ्यात बिबट्यानं शेजारच्या गेणूबाबांची शेळी दाव्यासकट नेली तेव्हापासून आईनं दोन पट्टे आणले, एक स्वतःला आणि एक हर्षालीला. हर्षालीचा आजतागायत दारामागच्या खिळ्याला लटकतोय. “मी काय मेंढरामागचं कुत्रं आहे का, गळ्यात खिळे घालायला?” असं तिनं विचारलं होतं, आणि आई पट्टा हातात घेऊन उभीच राहिली होती, स्वतःच्या गळ्यात तसाच पट्टा घातलेली. त्या वेळी ते हर्षालीला दिसलंच नव्हतं. आता चालता चालता तिनं गाणं बंद केलं. ऊन पाठीवर होतं आणि सावली पुढं पडली होती, वाटेवर लांबच लांब. तिनं पाय सरळ टाकला. सावलीनंही टाकला. चार पावलं गेली आणि उजवा पाय बाहेर पडला, हात हलला, आणि पुढं आई चालू लागली. हर्षाली थांबली तर आई थांबली. तिनं मान वाकडी केली, केस मागं टाकले, व्हिडिओत करायची तशी हनुवटी वर केली. सावलीला हनुवटीच नव्हती. नाक नव्हतं, फुलं नव्हती, वक्तृत्वाची ढाल नव्हती. सोळा वर्षांत जे जे जमवलं ते सगळं तोंडावर होतं आणि तोंड तर वाटेत कुठंच पडलेलं नव्हतं. तो मफलर, तो मूर्ख, एवढ्यापुरतं बरोबर बोलला होता की काय, या विचारानं तिला त्याची आणखी किळस आली. सावलीची मान सोललेल्या उसासारखी बारीक आणि उघडी दिसत होती. तिनं दोन्ही हात गळ्याला लावले आणि बोटं फाकवली. सावलीच्या गळ्याला काटे उगवले. उसात कुठंतरी सळसळ झाली, वाऱ्याची असेल, पण ती तशीच, बोटं फाकवून, निम्मी वाट धावत सुटली, आणि धावताना तिला स्वतःचंच हसू येत होतं आणि ते हसू तिला अजिबात आवडत नव्हतं.

आई गोठ्यापुढं बसून कडबा तोडत होती. बाबा म्हशीला पाणी दाखवत होते. “गानं का बंद व्हतं गं तुजं?” बाबांनी आधी तेच विचारलं. हर्षालीनं दप्तर ओट्यावर टाकलं.

“आई, तू पिच्चरमध्ये आहेस.”

कोयता कडब्यात अर्ध्यावर थांबला. आईनं वर बघितलं, आणि असं बघितलं की हर्षालीनं ठरवून ठेवलेलं पुढचं सगळं विसरायला झालं. “आला व्हय पिच्चर? दिसले का मी?”

“सावली दिसली.”

“आनि तोंड?”

“नाही.”

“येकदा बी न्हाई?”

“नाही, आई.”

“कसला पिच्चर? कुनाची सावली?” बाबा बादली घेऊन मध्येच आले. आईनं त्यांच्याकडं लक्षच दिलं नाही. ती कोयत्याची धार अंगठ्यानं बघत म्हणाली, “त्यानं सांगितलं व्हतं खरं, तोंड नको म्हनून. मला वाटलं, म्हनतोय आपला, पर एवढं तिनदा चालायला लावलं तर एखांदं तरी काढंलच की. मानूस समोर आल्यावर तोंड काढल्याबिगर ऱ्हातंय का कुनी?” मग हळूच, “साडी तर दिसली आसंल?”

“काळी दिसली. त्यात सगळंच काळं आहे.”

“मोरपंखी साडी काळी?” आई आता हसली, पण ते हसणं हर्षालीच्या ओळखीचं होतं, वर्षभर ती स्वतः ज्याला-त्याला तेच हसत होती. “मग गोनपाट गुंडाळून गेले आसते तरी चाललं आसतं की! दोन दीस कुसळं येचली मी. आन त्यो बाबा मला म्हनतो, ताई, तुमच्या काट्यांमधी लई अर्थ हाय. म्हनलं भाऊ, काट्यांमधी बिबट्या हाय. तर लिवून घेतलं त्यानं.”

“वैजे, मला सांगितलं न्हाई तू,” बाबा म्हणाले. त्यांना हसावं की रागवावं कळेना. “आमची हिरोईन बांधावर शूटिंग करती आन आमी म्हशी धुतोय!”

“काय सांगायचं? सावलीचं सांगत्यात का कुनी? तोंड आलं आसतं तर सांगितलं आसतं.” तिनं कडब्याची पेंढी पुढं ओढली. आणि मग, हर्षालीला वाटलं होतं आता निसटले, तेव्हाच तिनं अगदी सहज विचारलं, “तुज्या कालेजात कुनी वळखलं का गं मला?”

खोटं बोलायला जागा होती. ती जागा हर्षालीला स्पष्ट दिसत होती, बांधावरच्या फटीसारखी, एका उडीत पलीकडं जाता आलं असतं. “सोनलनं ओळखलं.”

“सोनलनं? मग?”

“मी नाही म्हणाले. म्हटलं, आमच्यात कुणी पट्टा घालत नाही.”

बाबांनी तोंड उघडलं, आईनं हातानंच त्यांना थांबवलं. तिचा चेहरा तसाच होता. फक्त टिकली, कामात घाम येऊन, जरा बाजूला सरकली होती. “बरं केलंस,” ती म्हणाली. त्यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर हर्षालीला उत्तर देता आलं असतं, उत्तरं तिच्याकडं खंडीभर होती. “पोरीसोरींत कशाला दावायची आसली आई. ध्यान दिसतंय मानसाचं, खिळं लावल्यावर.” आणि कोयता पुन्हा चालू झाला.

हर्षाली घरात गेली. दारामागचा पट्टा खिळ्यावरून काढताना हाताला टोचला. त्याच्यावर धूळ होती, ती तिनं ओढणीनं पुसली, आणि मानेमागं बक्कल लावताना तिला कळलं की हा आईनं आधीच तिच्या मापाचा करून ठेवला होता, एक भोक जास्तीचं पाडून. ती ओट्यावर आली तेव्हा संध्याकाळचं शेवटचं ऊन अंगणात होतं आणि तिची सावली आईच्या पायापर्यंत गेली होती. आईनं आधी ती सावली बघितली, मग वर.

“हे काय आनि?” बाबा म्हणाले.

“उद्या दुपारी समाजमंदिरात तो पिच्चर आहे,” हर्षाली म्हणाली. हॉलमध्ये उभी राहिली होती तशीच ती उभी होती, पण या वेळी आवाज कापत होता आणि तिनं तो कापू दिला. “आपण तिघं जायचं. पुढच्या रांगेत बसायचं. सोनल आणि ऋतिकला मी फोन करून बोलावणार आहे. आई, तू मोरपंखी नेसायची. पावडर लावायची, टिकली लावायची, सगळं. पट्टा मी घालणार. आणि पिच्चर संपला, त्या मफलरनं हात गोल फिरवायला घेतला, की मी उठणार. प्रश्न नाही विचारणार. मी सांगणार, सर, हिचं नाव वैजयंती, ही माझी आई आहे, हे तिचं तोंड, आणि ती साडी मोरपंखी होती.”